मान हलली की पान

"मी मान हलवली की पान उलट," पियानोसमोर बसता बसता हेमांगीने नवऱ्याला बजावलं. पानं उलटणारी मुलगी ऐन वेळी तापाने आडवी झाली होती, आणि तबलजी नवऱ्याला त्या स्वरलिपीच्या पुस्तकातलं ओ की ठो कळत नव्हतं. साठ वादकांची सिम्फनी आज ती एकटी पियानोवर वाजवणार होती. पुस्तक समोर नसलं की तिचे हात गारठत.

पहिली दोन पानं सुरळीत गेली. मग डाव्या हाताखाली खर्जातले चेलो घुमू लागले, उजव्याखाली बासऱ्या किलबिलल्या, आणि सुखाने तिची मान डोलली. नवऱ्याने पान उलटलं. 'अरे, नाही!' म्हणून तिने जोरजोरात मान हलवली. त्याने आणखी दोन उलटली.

समोर आता भलतंच पान होतं. पण बोटं थांबलीच नाहीत. त्यांना सगळं पाठ होतं! तिला हसूच फुटलं. खिदळत, डोलत तिने ट्रंपेट, नगारे सगळे उधळले, आणि तो इमानेइतबारे पानं उलटत राहिला. पुस्तक संपलं तेव्हा सिम्फनी अर्धी बाकी होती.

शेवटच्या सुरावर सभागृह ओरडलं, "वन्स मोअर!"

नवऱ्याने पुस्तक मिटून आपल्या खुर्चीवर ठेवलं आणि तो त्यावर ऐसपैस बसला.

"आता खुशाल डोल," तो म्हणाला.