खुशीनं देते

धूर वळून थेट नाकाशी आला, तशी मुलाच्या आईनं, कानिमबूबूनं, घाईघाईनं वाक्य बदललं.

"माझा मुलगा दारूला शिवत नाही म्हणजे, फारसा शिवत नाही."

धूर हलला नाही.

"बरं बाई, लग्नकार्यात घेतो."

धुरानं तिला सोडलं. तो पुन्हा सरळ उभा राहिला आणि तंबूच्या माथ्यावरच्या झरोक्यातून निघून गेला.

"तुमच्या खोऱ्यात लग्नं बरीच होतात वाटतं," झूराकान म्हणाली. पडद्याआड बसलेली नवरी, बुरुलचा, खुदकन हसली.

झूराकान या खोऱ्याची धूरवाली. डोंगरातल्या झाडांची कामं वाटलेली असतात, आणि ती कोणती हे तिला ठाऊक होतं. एर्मेनची कडू जुडी उशाशी ठेवली की वाईट स्वप्नं दाराबाहेर थांबतात. अद्राशमानच्या बिया निखाऱ्यावर तडतडल्या की दृष्ट उतरते. आर्चाला शब्द तोलता येतात. झाडाची परवानगी मागून फांदी तोडायची आणि निखाऱ्यावर ठेवायची. बोलणारा खरं बोलला तर धूर सरळ वर जातो. खोटं बोलला तर त्याच्या तोंडावर जातो.

मुलाकडच्यांनी बढाया मारायच्या, धुरानं त्यांना पकडायचं, त्यांनी शब्द मागे घ्यायचे, एवढं प्रत्येक सोयरिकीत चालायचं. त्याचं कुणाला काही वाटत नसे. पण मुलगी देणारीनं शेवटी दोनच शब्द म्हणायचे असत, 'खुशीनं देते'. ते मागे घेता येत नसत. तेव्हा धूर वळला तर सोयरीक मोडली. मग मुलानं आणि मुलीनं पुन्हा एकमेकांचं नाव काढायचं नाही. झूराकाननं अशा सोयरिकी मोडल्या होत्या, आणि मोडून झाल्यावर शांतपणे चहा प्यायली होती.

आज देणारी ती स्वतः होती. पहिलं नातवंड आजीचं, या रीतीनं दूध सुटल्यापासून बुरुलचा तिच्यापाशी वाढली होती. आईबाप केव्हाच हो म्हणाले होते. शेवटचा शब्द तेवढा आजीचा. स्वतःच्याच घरचं काम आहे, तर निखारे पलीकडच्या खोऱ्यातल्या धूरवालीला धरू द्यावेत, असं भावानं सुचवलं होतं.

"ती?" झूराकान म्हणाली होती. "तिला ओला आर्चा कळत नाही. तिचा धूर सगळ्यांच्याच तोंडावर जातो."

आता ती नवऱ्या मुलाकडे वळली. तोलोगोन रुंद खांद्यांचा होता आणि मघापासून गुडघ्यावरची टोपी पिळत होता.

"काय रे, आमच्या मुलीत काय पाहिलंस?"

"घोड्यावर चांगली बसते."

धूर सरळ.

"अजून?"

"मला तिची भीती वाटते."

धूर इतका सरळ गेला की तंबूभर हशा पिकला. कानिमबूबूनं कपाळावर हात मारला. "घरून पढवून आणला होता हो याला!"

"याच्याबद्दल काही हरकत नाही," झूराकान म्हणाली. "तुमच्याबद्दलच जरा होती. बाकी या पोरीला घेऊन जा एकदाच्या. सकाळी उठत नाही. चहात मीठ विसरते. माझ्या जुड्या पायदळी तुडवते."

धूर काही वळला नाही. सगळं खरंच होतं. झूराकाननं ताजी फांदी निखाऱ्यावर ठेवली, पाठ ताठ केली आणि म्हणाली, "खुशीनं देते."

धूर वळला.

उगाच घुटमळला वगैरे नाही. सरळ तिच्या तोंडावर गेला, डोळ्यांत गेला, डोक्याच्या पांढऱ्या रुमालात शिरला. झूराकाननं मान बाजूला केली. धुरानंही केली.

तंबूत कुणी हसलं नाही. कुणी वाटीला हात लावला नाही. पडद्याआडची चुळबुळ थांबली. आता रीतीप्रमाणे झूराकाननं निखाऱ्यावर पाणी ओतायचं आणि पाहुण्यांनी उठायचं. तिनं पाण्याचं भांडं हातात घेतलंसुद्धा.

"आपा," कानिमबूबू हळूच म्हणाली, "मुलगी खुशीनं देणारी बाई तुम्ही कधी पाहिलीत?"

झूराकाननं ज्यांच्या मुलींच्या सोयरिकी मोडल्या होत्या, त्या बायका तिला एकेक करून दिसत असाव्यात. भांडं हातातच राहिलं.

मग कानिमबूबू मोठ्यानं म्हणाली, "काय बाई हा वारा!"

तंबूत वारा नव्हता. धुराचा अर्धा भाग झूराकानला सोडून कानिमबूबूच्या तोंडावर गेला. ती खोकली, पण शब्द मागे घेतला नाही.

"वारा आहे खरा," झूराकानचा भाऊ म्हणाला. धुराची एक बट त्याच्याकडे गेली.

"सकाळपासूनच आहे," एक मावशी म्हणाली.

"तंबूवरचा नमदा उडेल की काय असं झालंय," दुसरी म्हणाली.

धुराला कुठे जावं कळेना. तो इकडे फुटला, तिकडे फुटला, बसलेल्या प्रत्येकाच्या नाकातोंडात गेला. तोलोगोन गोंधळून म्हणाला, "पण वारा कुठे..." आईनं त्याच्या मांडीला चिमटा काढला.

"पुष्कळ आहे," तोलोगोन म्हणाला. आयुष्यातला पहिला धूर त्याच्याही डोळ्यांत गेला.

बघता बघता सगळा तंबू भरून गेला. पडद्याआडूनही खोकल्याचा आवाज आला. कोण कशामुळे डोळे पुसतंय हे सांगण्याची सोय उरली नाही. झूराकाननं पाण्याचं भांडं खाली ठेवलं.

"विहीणबाई," ती म्हणाली, "जरा दार लावून घ्या. वारा फार आहे."

दार लावलेलंच होतं. कानिमबूबू उठली, आणि तिनं ते पुन्हा एकदा नीट लावून घेतलं.