राहिलेली मॅच

"नंदिनीची मॅच नंदिनीलेच घ्या," लहानू म्हणाला.

श्यामरावांनी पेन्सिल खाली ठेवली. ते स्टील प्लांटमध्ये क्लार्क होते आणि जिल्ह्याच्या फुटबॉल लीगचे सेक्रेटरी. बी डिव्हिजनच्या राहिलेल्या मॅचेस बसवायचं काम दरवर्षी त्यांच्या कोहक्याच्या घरी, जेवणाच्या टेबलावर चाले. लहानू चरोद्याच्या रेल्वे टीमचा मॅनेजर. यार्डात रुळांचे सांधे बदलणारा पॉइंट्समन होता, तरुणपणी फुलबॅक खेळायचा.

श्यामरावांनी त्याला हिशेब पुन्हा समजावून सांगितला. चरोद्याच्या दोन मॅचेस राहिल्या होत्या, एक कोहक्याशी आणि एक नंदिनीच्या खाणीच्या टीमशी. नंदिनी एका गुणाने पुढे होती. दोन्ही जिंकल्या की चरोदा वर, ए डिव्हिजनमध्ये. आणि नंदिनीची मॅच मुळात चरोद्याच्या मैदानावर होती. नंदिनीवाल्यांनीच ती ऐन दिवशी पुढे ढकलायला लावली होती. हक्काचं मैदान कोणी सोडतं का?

"आमच्या मैदानात अजून चिखल हाये," लहानू म्हणाला.

दिवाळी होऊन गेली होती. चिखल कुठेच नव्हता.

"लहानूजी, ती मॅच त्या दिवशी का झाली नाही, ते..."

लहानूने हात वर केला. "कारण नको. तारीख सांगा."

श्यामरावांनी वाक्य अर्धवट सोडून पेन्सिल उचलली. मग त्यांनी कार्तिक पौर्णिमेनंतरचा रविवार दिला. त्यांच्या पत्नी, अन्नपूर्णाबाई, चहा घेऊन आल्या. एरवी त्या लहानूशी दोन शब्द बोलत. आज कप ठेवला आणि आत निघून गेल्या.

चरोद्यात टीमला हे पटलं नाही. कॅप्टन देवीदासने एकदा विचारून पाहिलं. लहानू म्हणाला, ठरलं ते ठरलं. तो वळल्यावर पोरं आपसात बोलली.

"तिथंच जाऊन त्याले हरवाचं हाये भाऊले," एक जण म्हणाला.

"भाऊचं काळीज दगडाचं हाये," देवीदास म्हणाला.

हरवायचं ते बळीरामला. नंदिनीचा सेंटर फॉरवर्ड, आणि लहानूचा जावई. लहानू त्याला जावई मानत नव्हता.

शालू लहानूची एकुलती एक मुलगी. बायको लवकर गेली, त्याने पोरीला एकट्याने वाढवलं. सायकलच्या दांडीवर बसवून तो तिला प्रत्येक मॅचला न्यायचा. त्याच शालूने नागपूरचं ठरलेलं स्थळ मोडून दुर्गच्या कोर्टात बळीरामशी लग्न केलं. तिचं नाव माह्यासमोर काढाचं नाही, असं लहानूने सगळ्यांना बजावलं. सख्ख्या भावाने एकदा काढलं, तर त्याला भरल्या ताटावरून उठवलं. तेव्हापासून कॉलनीत कोणी ते नाव घेतलं नाही.

पण खरी गोष्ट लहानूने कोणालाच सांगितली नव्हती.

पावसाळ्यात एक माणूस नंदिनीहून सायकलवर आला होता. चिंब भिजलेला. "शालूताईचं..." एवढंच तो बोलला आणि लहानूने दार लावून घेतलं. माणसाने थोडा वेळ कडी वाजवली, मग शेजारच्या भीमाबाईशी काही बोलून तो निघून गेला. संध्याकाळी भीमाबाईने वरण-भात आणून ठेवला आणि न बोलता परत गेली. लहानूला वाटलं, हीसुद्धा आपल्यावर चिडली.

त्या दिवसापासून ते लावलेलं दार त्याला टोचत होतं. शालूला दिवस गेलेत, हे त्याच्या कानावर आलं होतं. बाळाचीच खबर असणार. पोरीने निरोप धाडला आणि आपण ऐकूनसुद्धा घेतला नाही. आता उठून तिच्या दाराशी जायचं, तर पाय उचलत नव्हते. मॅचला मात्र जाता येणार होतं. मॅच असली की शालू घरात बसायची नाही. लायनीजवळ उभी असणारच.

कोहक्याची मॅच चरोद्याने जिंकली. मग तो रविवार आला. टीम ट्रकमधून नंदिनीला निघाली. पोरं वाटभर कोण कुठे खेळणार ते बोलत होती. लहानू मनात एकच वाक्य घोकत होता.

मैदान चुनखडीच्या धुळीने पांढरट झालेलं. खेळ सुरू झाला तरी लहानू गर्दीच बघत होता. हाफ टाइमच्या आधी त्याला ती दिसली. पलीकडच्या लायनीजवळ, कडुलिंबाखाली, डोक्यावर पदर घेतलेली. कडेवर तान्हं बाळ. त्यानंतर बॉल कुठे आहे ते त्याने पाहिलं नाही.

शेवटी शेवटी बळीरामने गोल केला. तो नाचला नाही, हात वर केले नाहीत. मान खाली घालून सेंटरला परत गेला. शिट्टी वाजली. चरोदा हरलं. देवीदास होता तिथेच मातीत बसला. लहानू त्याच्याजवळून पुढे गेला आणि मैदान ओलांडून कडुलिंबाखाली पोचला.

ती पाठमोरी उभी होती, बाळाला थोपटत.

"शालू," तो म्हणाला, "घरी चाल बाई. बाळाले घेऊन चाल."

ती वळली. शालू नव्हती. बाळाचं कपाळ मात्र शालूचं होतं.

"मी रुक्मा. बळीरामची बहीण," ती म्हणाली.

लहानू ओशाळला. शालू क्वार्टरमध्ये आहे का, त्याने विचारलं. तिने यायला नाही म्हटलं असेल, तर आपणच तिकडे येतो, असंही सांगितलं.

रुक्माने बाळाला छातीशी घट्ट धरलं.

"ते मॅच होती ना तुमच्या मैदानावर," ती म्हणाली, "त्याच दिवशी शालूवयनीले मातीले नेलं, बाबा. म्हनून तं फुढं ढकलली."