निःशंक

व्याजदर समितीवर नेमणूक झाली तेव्हाच, नियमाप्रमाणे, वैजयंती टिळेकरांच्या मेंदूतली शंका काढून टाकली होती. समितीतलं कुणी बोलताना नुसतं अडखळलं तरी बाजार कोसळायचा.

इस्पितळात डॉक्टर म्हणाले, "मॅडम, ऑपरेशन केलं तर मुलीच्या जिवाला धोका आहे. नाही केलं तरी आहे. खात्रीनं काही सांगता..."

"करा ऑपरेशन."

"अगं, त्यांचं पूर्ण ऐकून तरी घे," नवरा, सुहास, काकुळतीला आला.

"ऐकलं."

मुलगी टेबलावरच गेली.

तेराव्याला वैजयंती नेहमीसारखी जेवत होती. सुहासनं पानाला हात लावला नव्हता. "थोडं थांबलो असतो तर वाचली असती का गं?" त्यानं पुन्हा विचारलं.

"हातात होती त्या माहितीवर निर्णय बरोबरच होता."

तो तिच्या कोरड्या डोळ्यांकडे बघत राहिला. मग हळूच म्हणाला, "तुझ्यासारखं माझंही करून मिळेल का?"

"छे! सगळ्यांचीच शंका काढली तर बाजार चालणार कसा? कुणीतरी घाबरायला हवंच ना."

आणि त्याच्या पानातलं लिंबू उचलून तिनं आपल्या वरणभातावर पिळलं.