पहिला काप

साडेनऊ वाजले तरी भोपळा ओट्यावर अख्खाच्या अख्खा बसून होता, आणि आराधनाचं डोकं तापत चाललं होतं.

कल्याणदादाच्या बेकरीत सकाळचे पाव निघाले की अकरापर्यंत भट्टीत जागा मिळायची. त्यानंतर नानकटाईचे पत्रे आत गेले, की मग कुणीही येऊन हात जोडले तरी उपयोग नसायचा. दुपारी चर्चमध्ये कापणीच्या सणाचं प्रीतिभोजन. भोपळ्यात भरायचा भात तयार होता. पेरू, सफरचंद, डाळिंबाचे दाणे, मनुका, गूळ, वर दोन लवंगा. सगळं आराधनानं पहाटे उठून कालवलेलं. पण ते भरायचं कशात?

"मम्मी, मी कापू?"

"नको," लिडिया म्हणाली. ती पप्पांचा कप धूत होती. नक्षीचा, एरवी कपाटात असायचा तो. "अख्ख्या भोपळ्याला बाईनं पहिली सुरी लावायची नसते. घरच्या थोरल्या मुलाचा मान असतो तो. पप्पा येतील, पहिला काप देतील, मग पुढचं आपण."

हे दर वर्षीचं होतं. एरवी या घरात भोपळा यायचा तो बाजारातून, चिरलेली फोड होऊन. अख्खा यायचा एकदाच, सणाला. आणि त्याच्यामागोमाग नाशिकहून पप्पा यायचे. चार वर्षांपूर्वी कामासाठी म्हणून गेले आणि तिकडचेच झाले. नाताळला यायचे नाहीत, आराधनाच्या वाढदिवसाला यायचे नाहीत. भोपळ्याला मात्र हजर. एक काप मारायचे, पाटावर बसून साहेबासारखे जेवायचे आणि सोमवारी सकाळच्या एसटीनं परत.

एका कापाचा एवढा तोरा. मागच्याच महिन्यात आराधनानं शाळेत स्त्री-पुरुष समानतेवर भाषण ठोकून ढाल आणली होती. ती ढाल शोकेसमधून आपल्याकडे बघतेय, असं तिला वाटायला लागलं.

"भोपळ्याला कळतं का, सुरी कुणाच्या हातात आहे ते?"

"तुझ्या आजीनं घालून दिलंय."

"आजी तर गेली."

"म्हणून मोडायचं?"

लिडियानं तळहातावर खोबरेल घेतलं आणि चोळत राहिली. काल दिवसभर ती चर्चच्या हॉलवर स्वयंपाकाच्या तयारीला होती. घरची मोठी सुरी धार लावून, पेपरात गुंडाळून घेऊन गेली होती. परत आली ती पिवळे पडलेले हात घेऊन. कातडी अशी ताणलेली की मूठ मिटेना. हळदीचं काम हिच्याच गळ्यात मारलं असणार, आणि ही नाही म्हणाली नसणार. आराधनाला त्याचाही राग आला.

"मी अंघोळ करून येते. माझी हिरवी साडी काढून ठेव."

"भोपळा कापायला हिरवी साडी कशाला?"

"नेसू दे गं," लिडिया म्हणाली आणि न्हाणीघराचं दार लागलं.

तेवढ्यात तिचा मोबाईल वाजला. पप्पा.

"मम्मीला दे."

"अंघोळीला गेलीय."

"बस पंक्चर झालीय सिन्नरला. दुसरी बघतो. बारापर्यंत पोचतो म्हणावं."

"बाराला भट्टी नसते, पप्पा."

"थांबा जरा. आणि तिला सांग, भोपळ्याला हात लावू नका."

हात लावू नका. आराधनानं मोबाईल स्पीकरवर टाकून ओट्यावर ठेवला. सुरी घेतली, डाव्या हातानं भोपळा दाबला आणि देठाखाली पातं घातलं. काल लावलेली धार होती, लोण्यात जावी तशी सुरी गेली. गोल फिरवून तिनं टोपी उचलली.

"कापला," ती म्हणाली.

"काय?"

"भोपळा. मी कापला. आता तुम्ही नाही आलात तरी चालेल."

पलीकडे कुठल्याशा गाडीचा हॉर्न वाजला. मग पप्पांनी हळूच विचारलं, "मम्मीनं सांगितलं का तसं?"

आराधनानं न्हाणीघराकडे पाहिलं. आत पाणी पडत होतं, आणि लिडिया काहीतरी गुणगुणत होती. महिनोन्‌महिने न गुणगुणणारी बाई.

"हो," आराधना म्हणाली. "मम्मीच म्हणाली."

"बरं. मग सिन्नरवरूनच फिरतो मी."

लिडिया हिरवी साडी नेसून बाहेर आली तेव्हा आराधना बिया उकरत होती. लिडिया उंबऱ्यातच थांबली.

"पप्पांना कळलं?"

"फोन आला होता. येत नाहीत ते."

लिडियानं भोपळ्याच्या पोटात पाहिलं. मग तिनं नक्षीचा कप पुसला आणि कपाटात ठेवून दिला.

"छान कापलास," ती म्हणाली.

बस्स, एवढंच. आराधनाला वाटलं होतं, आज तरी ही ताठ उभी राहील. एका माणसासाठी तोंड पाडून बसणाऱ्या आईचा तिला इतका संताप आला, की बेकरीपर्यंत आणि परत ती तिच्याशी एक शब्द बोलली नाही.

दुपारी हॉलमध्ये सगळे तिच्या भोपळ्याभोवती जमले. साल काळपट भाजलेली, आत पेरूचा वास. दरसाली भोजनाचा स्वयंपाक सांभाळणाऱ्या बनुमावशी मोठ्या पातेल्यातून भोपळ्याची भाजी वाढत होत्या. आराधनानं त्यांना मुद्दाम ऐकवलं.

"मावशी, आमच्या घरात आज पहिल्यांदा बाईनं भोपळा कापला. पप्पांसाठी थांबले नाही मी. येऊच नका म्हटलं."

बनुमावशींचा डाव हवेत थांबला. "बाईनं कापू न्हाई, आसं कोन म्हनलं तुला?"

"मम्मी. दर वर्षी म्हणते."

बनुमावशींनी कोपऱ्यात पाहिलं. हिरव्या साडीतली लिडिया मांडीवर मोबाईल ठेवून एकटीच बसली होती.

"आगं पोरी," त्या म्हणाल्या, "ह्या भाजीचे बावीस भोपळे काल तुज्या मम्मीनं एकटीनं फोडले. दरसाली तीच फोडती."