आईनं विणलेला स्वेटर

फाशीच्या कोठडीत बाहेरची वस्तू न्यायला सक्त मनाई होती. पण फाटकाशी उभ्या असलेल्या कैद्याच्या आईनं फादरचे पायच धरले. “मी विणलाय हा स्वेटर. एकदा त्याच्या अंगाला लागू द्या!” फादरनी तो स्वतःच झग्याच्या आत घातला आणि ते शेवटच्या प्रार्थनेला गेले. “प्रार्थना नको, फादर, मला वाचवा!” कैदी गयावया करू लागला. ते त्यांच्या हातात नव्हतं. त्यांनी झग्याची बटणं सोडली. “तुझ्या आईनं विणलाय.” त्यानं त्यांच्या छातीत तोंड खुपसलं आणि दोन्ही मुठींत लोकर घट्ट धरून तो ओक्साबोक्शी रडला. पहारेकरी आले. तिघांनी ओढलं तरी मुठी सुटेनात. “फादर, तुमचंच ऐकेल तो,” जेलर हलकेच म्हणाले.  अखेर फादरनी स्वतःच्या हातांनी त्याचं एकेक बोट लोकरीतून सोडवलं.