वीस मिलिमीटर

शिपाईकाकांनी किल्ल्यांचा जुडगा टेबलावर ठेवला, पण त्यावरचा हात काही निघेना. चौतीस वर्षं वनस्पतिशास्त्राची प्रयोगशाळा त्यांनीच उघडली होती, त्यांनीच बंद केली होती. आज नोकरीचा शेवटचा दिवस. विभागप्रमुख मॅडमनी समोरची खुर्ची दाखवली तरी ते उभेच राहिले. मॅडमपुढे बसायचं म्हणजे काय, असा त्यांचा चेहरा.

कपाटं तपासून झाली होती. खिडकीजवळचं एक तेवढं राहिलं होतं. मॅडमनी ते उघडलं आणि त्या थबकल्या. आत बारा काचेच्या बश्या एकीवर एक रचून ठेवल्या होत्या. प्रत्येकीवर बाहेरून लाल शाईची बारीक रेघ. शेजारी एक मळकी वही. तीन वर्षांत मॅडमनी ती उघडली नव्हती. उघडायची गरजच नव्हती, आत काय आहे ते त्यांना पाठ होतं.

प्रयोग तसा साधा होता. हिरव्या शेवाळाचे केसासारखे तंतू भरपूर पाण्यात असले की मजेत असतात. तुटतात, प्रत्येक तुकडा वाढतो, बघता बघता एकाचे दहा होतात. जोडीदाराचं त्यांचं काही अडत नाही. पाणी आटायला लागलं, दिवस वाईट आले, की मग दोन तंतू शेजारी शेजारी येतात. त्यांच्यामध्ये बारीक पूल तयार होतात, एकातलं सगळं सत्त्व दुसऱ्यात जातं आणि जाड सालीचा बीजाणू बनतो. तो कोरड्यातही तग धरतो. पाणी नेमकं किती उतरलं की हे पूल बांधायला सुरुवात होते, एवढंच मॅडमना शोधायचं होतं. त्यासाठी उघड्या बश्या, भर उन्हाळा आणि रोज सकाळी आठ वाजता पट्टी लावून पाणी मोजणारी एक विद्यार्थिनी, इतकं पुरेसं होतं.

मुलगी हुशार होती, पण भिडस्त. एक्केचाळीस दिवसांनी तिने वही पुढे केली. रोजची नोंद एकच. वीस मिलिमीटर. पाणी केसभरही उतरलेलं नाही. मॅडमच्या डोक्यात तिडीक गेली. उन्हाळ्यात उघड्या बशीतलं पाणी आटतं, हे शेंबडं पोरही सांगेल. पोरगी घरी बसून आकडे ठोकून देते, दुसरं काय. सूक्ष्मदर्शकाखाली पाहून काढलेली चित्रंही तिने दाखवली. त्यांत नुसते तुटलेले, वाढलेले तुकडे होते, पूल एकही नव्हता.

"मॅडम, मला दिसलं तेच मी लिहिलंय," ती म्हणाली. "एकदा तुम्ही येऊन बघाल का?"

"बघण्यासारखं काही ठेवलंयस का? उद्यापासून येऊ नकोस."

बश्या चार पावलांवर होत्या. मॅडम उठल्या नाहीत. त्याच दुपारी त्यांनी बश्या रिकाम्या करायला लावल्या. मुलीच्या कागदांवर 'खोट्या नोंदी' असा शेरा त्यांनी स्वतःच्या हाताने मारला, मग तिला दुसऱ्या कुणी दारात उभं केलं नाही. पुढे ती एका चष्म्याच्या दुकानात बसते, असं कानावर आलं. मॅडमना वाईट वाटलं होतं. पण आपण केलं ते बरोबरच केलं, या खात्रीवर त्यांनी ही तीन वर्षं निभावली होती.

या बश्या तेवढ्या मोडीत देऊ नका, असं काका आता म्हणत होते. त्यांच्यात आपला जीव होता म्हणे. आज नोकरी संपली, आता रागावलात तरी चालेल, अशी प्रस्तावना करून त्यांनी एक कबुली दिली. बश्यांवर 'हात लावू नये' अशी चिठ्ठी होती, ती त्यांनी मोडली होती. सकाळी साडेसहाला झाडायला आलं की बश्यांतलं पाणी रेघेच्या खाली गेलेलं दिसायचं. आणि भांड्यावर रेघ असेल तर पाणी रेघेपर्यंत हवंच, हे तर जुन्या सरांनी त्यांना पहिल्याच दिवशी शिकवलेलं. तसं ते रोज भरत गेले. नळाचं नव्हे, शुद्ध पाण्याच्या बाटलीतलं, रेघेला अगदी टेकेपर्यंत. एक दिवसाचाही खाडा नाही.

मॅडम खाली बसल्या. रेघ वीस मिलिमीटरवर होती. पाणी कुठून उतरायला लागलं ते कळावं, म्हणून ती त्यांनीच ओढली होती. पोरगी खरं सांगत होती. शेवाळही खरंच सांगत होतं. तंतू नुसते तुटून वाढताहेत, म्हणजे पाणी भरपूर आहे. सव्वीस वर्षं हे त्या फळ्यावर लिहीत आल्या होत्या आणि तिच्या चित्रांत नेमकं तेच त्यांना वाचता आलं नव्हतं. स्वतःची इतकी लाज त्यांना आयुष्यात कधी वाटली नव्हती. आणि काकांना तरी काय बोलणार? जिवापाड केलेल्या कामाची शाबासकी घ्यायला माणूस समोर उभा होता.

"फार काळजी घेतलीत, काका," त्या कशाबशा म्हणाल्या.

काका खुलले. ती मुलगीसुद्धा मोठी चौकस होती, म्हणाले. सारखी बश्यांपाशी वाकून बसलेली असायची.

"एकदा अगदी रडवेली होऊन मला विचारत होती, काका, हे पाणी कमी का होत नाही हो? चिठ्ठी होती ना, माझी कुठली सांगायची हिंमत. म्हटलं, मॅडमना विचार बाळ, त्या नीट समजावून सांगतील."