स्टेजसमोरचं टेबल

"बूट घातलेस ना?" हॉटेलच्या मागच्या दाराशी फेलिक्सने विचारलं.

करेनने पाय पुढे केला. लाल चामड्याचे, उंच टाचेचे काउबॉय बूट. दर शनिवारी ती दुबईतल्या डिस्कव्हरी गार्डन्सहून रास अल खैमाला गाडी चालवत यायची, ती हेच घालून.

फेलिक्स इथल्या कंट्री बँडचा ड्रमर. वसईहून आला तेव्हा तो अबू धाबीजवळ मुसफ्फाच्या वर्कशॉपमध्ये दिवसभर पत्रे ठोकायचा. एकदा तिथल्या एका क्लबातला ड्रमर रजेवर गेला, गावच्या लग्नांत वाजवलेला हा माणूस त्याच्या जागी बसला, तो चौतीस वर्षं उठलाच नाही. त्याने आगगाडीचा ठेका धरला की गोरे पाहुणे जेवण सोडून नाचायला उठत.

आज नवा मॅनेजर ऐकायला येणार होता. पसंत पडलं तर आणखी दोन वर्षांचं कॉन्ट्रॅक्ट आणि व्हिसा. नाही तर ड्रमच्या जागी मशीन.

"डॅडी." करेन त्याच्या समोर येऊन उभी राहिली. त्याच्याशी बोलताना ती नेहमी समोर यायची. "मम्मीने गुडघ्याचं ऑपरेशनसुद्धा एकटीने काढलं. आता पुरे ना?"

"वसईला जाऊन काय करू? कोंबड्या राखू?"

"तिच्याजवळ बस."

"बसलो की ओरडते ती. दोन वर्षं, करेन. मग खलास. प्रॉमिस."

"मागच्या रिन्यूअललाही हेच म्हणालास."

"यल्ला, चल म्हाताऱ्या!" मागून केनेथने हाक मारली. तो बँडचा गायक, फेलिक्सचा जुना दोस्त. फेलिक्स हॅट नीट करत राहिला. करेनने त्याच्या खांद्याला हात लावून मागे बोट दाखवलं.

"बघ, केवढा भाव खातो," केनेथ हसला. "तीन हाका मारल्याशिवाय वळत नाही."

स्टेजसमोरचं टेबल करेनचं. फेलिक्सने वेटरना तशी ताकीदच दिली होती. लेक समोर असली की बाप रंगात येतो, असं केनेथ म्हणायचा. ती खुर्ची तिरकी करून बसली. गाणं सुरू झालं, तशी तिची टाच लाकडी फरशीवर पडू लागली.

पहिली दोन गाणी झकास झाली. मॅनेजरची बोटंही टेबलावर वाजत होती.

तिसऱ्या गाण्याच्या मध्ये सगळी वाद्यं एकदम थांबायची आणि चार मोजून पुन्हा सुरू व्हायची. शेजारून वेटर मोठं ताट घेऊन आला. करेनने पाय टेबलाखाली घेतले.

वाद्यं थांबली. फेलिक्स थांबला नाही.

तो एकटाच वाजवत राहिला. मग दचकून थांबला, तेव्हा बाकीचे सुरू झाले होते. कोणीतरी हसलं. फेलिक्सने समोर पाहिलं. करेन खाली मान घालून ग्लासातला बर्फ ढवळत होती.

"हबीबी, खूप वर्षं वाजवलंत. आता आराम करा," मॅनेजर म्हणाला. त्याचा आवाज मऊ होता.

करेनच्या गाडीत फेलिक्स ड्रमच्या काड्या मांडीवर घेऊन बसला होता. क्वार्टरशी उतरताना तेवढं म्हणाला, "मम्मीला कळव, येतोय म्हणून."

सोमवारी सकाळी तो उठला नाही. हृदय बंद पडलं, असं डॉक्टरांनी लिहिलं.

विमानात चढवण्याआधी शवागारात पेटी उघडी होती. फादरची प्रार्थना झाली. केनेथने फेलिक्सच्या हाताशी काड्या ठेवल्या.

"हार्ट शनिवारीच बिघडलेलं असणार," तो करेनला म्हणाला. "नाहीतर फेलिक्स चुकेल? तू उगाच मनाला लावून घेऊ नकोस. तुझ्यासारखी लेक कुणाची आहे? एक शनिवार चुकवला नाहीस."

पेटी बंद करायला माणसं पुढे झाली.

"एक मिनिट," करेन म्हणाली. सवयीने ती त्याच्या समोर आली, वाकून चेहऱ्यापुढे चेहरा आणला आणि ओठ सावकाश हलवत, सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलली.

"डॅडी, तुला सहा वर्षं काही ऐकू येत नव्हतं, माझ्या टाचेकडे बघून वाजवायचास, हे मला माहीत होतं. शनिवारी पाय मी मुद्दाम मागे घेतला."